डोक्यावरचं छप्पर: हे देणं कुणाचं?

फुटपाथवर राहायला पैसे पडत नाहीत असं वाटत असेल, तर हा हिशेब बघा. १९६९ साली अहमदनगर जिल्ह्यातल्या संगमनेरहून एक माणूस मुंबईला आला. गावात चपला-जोडे शिवून दिवसाला सात-आठ रुपये सुटायचे, आणि ज्याला तो घर म्हणायचा ते पडलं होतं. मुंबईत बदली कामगार म्हणून महिना ३५० रुपयांवर चिकटला. तुळशीवाडीत फुटपाथवर जागा मिळाली, त्यासाठी तिथल्या गुंडाला ३०० रुपये मोजले. बांबू आणि प्लॅस्टिकचे ७०० वेगळे. जवळजवळ तीन महिन्यांचा पगार त्या 'घरात' गेला.

हा हिशेब सर्वोच्च न्यायालयाच्या निकालपत्रात नोंदलेला आहे. त्याच्यासोबतचा दुसरा अर्जदार तमिळनाडूतल्या सेलमचा, दुष्काळात काम गेलं म्हणून आलेला, दहिसरच्या केमिकल कंपनीत रोजंदारी २३ रुपये. पश्चिम द्रुतगती मार्गाच्या फुटपाथवर ताडपत्रीखाली बायको आणि तीन मुलींना घेऊन राहता यावं म्हणून झोपडीदादाने त्याच्याकडून अडीच हजार उकळले होते.

१३ जुलै १९८१ रोजी तेव्हाचे मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी जाहीर केलं, की फुटपाथवाल्यांना हटवून आपापल्या गावी किंवा मुंबईबाहेर रवाना करणार. महिना जुलैचा, म्हणजे पाऊस कसा असेल ते मुंबईकरांना सांगायला नको. याविरुद्ध पत्रकार ओल्गा टेलिस आणि काही फुटपाथवासी कोर्टात गेले. 'ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका' हा खटला भारतातल्या प्रत्येक कायद्याच्या विद्यार्थ्याला पाठ असतो. पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ, अध्यक्षस्थानी सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड, निकाल १० जुलै १९८५ चा.

या निकालाचं भाषणांत एवढं कौतुक होतं, की एक गोष्ट हमखास राहून जाते. फुटपाथवासी हा खटला हरले. कोर्टाने सांगितलं, की घटनेच्या कलम २१ मधला जगण्याचा हक्क म्हणजे नुसता श्वास चालू राहण्याचा हक्क नव्हे. पोटापाण्याचं साधन काढून घेतलं तर जगणंच काढून घेतल्यासारखं आहे, म्हणून उपजीविकेचा हक्क त्यात येतो. हा माणूस फुटपाथवर हौसेने राहत नाही, काम जिथे आहे तिथून चालत जाता येईल अशा अंतरावर राहतो, हेही कोर्टाने मान्य केलं. इथपर्यंत जीत. पण पुढे: फुटपाथ चालण्यासाठी असतो, तिथे झोपडी बांधायचा हक्क कुणालाही नाही. पालिका काढू शकते. फक्त काढण्याआधी सांगायला हवं, आणि त्या माणसाचं ऐकून घ्यायला हवं. पालिका कायद्याच्या कलम ३१४ मध्ये अतिक्रमण विनानोटीस हटवता येतं असं लिहिलं होतं. कोर्टाने ते कलम रद्द केलं नाही. त्याचा अर्थ असा लावला, की विनानोटीस काढण्याची मुभा आहे, सक्ती नाही. नोटीस हा नियम आणि विनानोटीस हा अपवाद.

शिवाय पावसाळा संपून महिना होईपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत कुणाला हलवू नका, असं सांगितलं. १९७६ च्या गणतीत ज्यांची नोंद झाली होती त्यांना मालवणीला पर्यायी जागा द्या, असंही सांगितलं. पण आधी जागा आणि मग हटवणं, अशी अट घातली नाही.

हा निकाल नीट कळला, की पुढचं सगळं सोपं जातं. आपल्याकडे निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारकडून घर मिळण्याचा हक्क नव्हे. तो तुकड्या-तुकड्यांत आहे, आणि प्रत्येक तुकड्याचा देणेकरी, म्हणजे ते देणं लागणारा, वेगळा आहे. ज्याला देणेकरी नाही ते देणं बुडीत. म्हणून या हक्काबद्दल पहिला प्रश्न 'हक्क आहे का' हा नसतो. 'कोण देणं लागतं' हा असतो.

आधी थोडं तत्त्वाचं. घटनेत 'निवारा' हा मूलभूत हक्क म्हणून कुठेही छापलेला नाही. न्यायालयांनी तो कलम २१ मधून हळूहळू बाहेर काढला. १९८१ च्या फ्रान्सिस कोराली खटल्यात माणसासारखं जगणं म्हणजे पोटभर अन्न, अंगभर कपडा आणि डोक्यावर छप्पर, असं आलं. १९९० च्या शांतीस्टार बिल्डर्स खटल्यात राहण्याजोग्या जागेचा उल्लेख आला. १९९५ च्या चमेली सिंग निकालात कोर्ट आणखी पुढे गेलं: निवारा म्हणजे चार भिंती आणि पत्रा एवढंच नाही, त्यात पुरेशी जागा, उजेड, हवा, पाणी, वीज, संडास, रस्ता हे सगळं येतं. गंमत म्हणजे चमेली सिंग यांची बाजू बेघरांची नव्हती. ती जमीनमालकांची होती. उत्तर प्रदेश सरकार दलितांच्या घरांसाठी जमीन घेत होतं, त्याला विरोध करायला ते मालक कोर्टात गेले होते आणि हरले. निवाऱ्याच्या हक्काची सगळ्यात भरभक्कम व्याख्या आपल्याला अशी आडवाटेने मिळाली.

व्याख्या भरभक्कम असली तरी तिच्यावर रात्री झोपता येत नाही. त्यासाठी कुणाला तरी खोली बांधावी लागते, आणि इथे पहिला देणेकरी येतो: महापालिका किंवा नगरपालिका.

डिसेंबर २००९ मध्ये दिल्लीत ऐन थंडीत पुसा रोडवरचा एक तात्पुरता रात्र निवारा पाडला गेला. तेव्हा २००१ पासून सर्वोच्च न्यायालयात अन्न अधिकाराची एक याचिका चालू होती. तिच्यात नेमलेल्या आयुक्तांनी कोर्टाला पत्र लिहिलं, की लोक थंडीने मरतायत आणि उपाशी माणूस थंडीत आधी मरतो. अन्नाच्या खटल्यात निवारा आला तो असा. २०१० मध्ये आधी दिल्लीला आणि मग इतर राज्यांना आदेश गेले. त्यातून आज वापरात असलेलं माप आलं: शहराच्या दर १ लाख लोकसंख्येमागे एक निवारा, आणि तो फक्त हिवाळ्यात नाही, वर्षभर, चोवीस तास. २०१३ च्या राष्ट्रीय नागरी उपजीविका अभियानात 'शहरी बेघरांसाठी निवारा' असा भागच झाला. दर लाखामागे १०० जणांची सोय, माणशी ५० चौरस फूट, पाणी, न्हाणीघर, संडास, स्वयंपाकाची जागा, धुतलेल्या चादरी, आग विझवायची व्यवस्था, लहान मुलांसाठी अंगणवाडीशी जोडणी. कागदावर चमेली सिंग निकाल उतरलाय असं वाटावं इतकं नीट लिहिलं आहे.

आता मुंबईचा हिशेब करून बघू. २०११ च्या जनगणनेत मुंबईची लोकसंख्या साधारण १ कोटी २४ लाख. लाखाला एक, म्हणजे १२४ निवारे. प्रत्येकात १००, म्हणजे १२,४०० माणसं. त्याच जनगणनेत मुंबईत बेघर मोजले गेले ५७ हजारांच्या वर. म्हणजे पालिकेने हे माप शंभर टक्के पाळलं तरी पाचातल्या चौघांना त्या रात्री जागा नाही. आणि माप पाळलं जात नाही ते वेगळंच. निधी असूनही निवारे का उभे राहत नाहीत हे शोधायला सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०१६ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती कैलाश गंभीर यांची समिती नेमली होती, यावरून काय ते समजा.

ही मोजणीही कशी झाली ते ऐकण्यासारखं आहे. जनगणनेत बेघरांची गणती एकाच रात्री होते. २०११ साली ती २८ फेब्रुवारीच्या रात्री झाली. फुटपाथवर, पुलाखाली, मोठ्या पाइपात, जिन्याखाली, देवळाच्या मंडपात, रेल्वे फलाटावर जे झोपलेले सापडतील ते बेघर. देशभरात असे १७ लाख ७३ हजार निघाले, महाराष्ट्रात २ लाखांवर. त्या रात्री जो रात्रपाळीला होता, पोलिसांनी ज्याला नुकतंच हुसकून दुसऱ्या गल्लीत पाठवलं होतं, तो या आकड्यात आला असेलच असं नाही.

मागे एका शहरातल्या निवारा केंद्रात संध्याकाळी गेलो होतो. खोली स्वच्छ होती, हे आधी सांगतो. खाटांना नंबर, भिंतीला ओळीने खिळे, प्रत्येक खिळ्याला एक पिशवी. दारात टेबल, टेबलावर रजिस्टर. एक जोडपं आलं, सोबत दोन पोरं, धाकटं कडेवर. टेबलावरच्या माणसाने चांगल्या शब्दांत सांगितलं, की इथे फक्त पुरुष. बाई आणि मुलांची सोय दुसऱ्या केंद्रात, ते शहराच्या पार त्या टोकाला. नवरा-बायकोने एकमेकांकडे पाहिलं आणि काही न बोलता पुलाकडे परत फिरले. नियमांत कुटुंबांसाठी वेगळे निवारे सांगितलेले आहेत, पण ते 'सांगितलेले' आहेत. बेघर म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे एकटा, दाढी वाढलेला पुरुष येतो, आणि मग निवाराही त्याच्याच मापाचा बांधला जातो.

दुसरा देणेकरी म्हणजे ज्याने कामाला आणलं तो. सगळ्यात स्पष्ट कायदा इथे होता, आणि सगळ्यात जास्त हात झटकणंही इथेच आहे.

बांधकाम कामगारांसाठी १९९६ चा कायदा होता, त्यातलं कलम ३४ वाचलं तर अविश्वसनीय वाटतं. मालकाने काम चालू असेपर्यंत सगळ्या बांधकाम कामगारांना साईटवर किंवा शक्य तितक्या जवळ राहायला जागा द्यायची, फुकट. तिथे स्वयंपाकाची, आंघोळीची, कपडे धुण्याची आणि संडासाची वेगळी सोय हवी. काम संपलं की ती जागा पाडून जमीन पूर्ववत करून द्यायची. पुण्याच्या हिंजवडी-वाकडपासून नवी मुंबईपर्यंत ज्या पत्र्याच्या खोल्यांच्या रांगा दिसतात, त्या म्हणजे हे कलम ३४. दहा बाय दहाचा पत्रा, मे महिन्यात आत भट्टी, एका वायरवर आठ मोबाइल चार्जिंगला, बाहेर एका नळाला सकाळी साडेपाचपासून रांग. कायदा 'जागा द्या' म्हणाला, ठेकेदाराने जागा दिली. पत्रा किती तापतो ते कुणी मोजत नाही.

दुसऱ्या राज्यातून ठेकेदारामार्फत आणलेल्या मजुरांसाठी १९७९ चा आंतरराज्य स्थलांतरित कामगार कायदा होता. त्याच्या कलम १६ मध्ये कामाच्या काळात राहण्याची योग्य सोय करणं ठेकेदारावर बंधनकारक होतं. शिवाय घर सोडल्याचा विस्थापन भत्ता आणि प्रवासभाडं. पण त्याला दोन फटी होत्या. एक, माणूस ठेकेदारामार्फत आलेला हवा. बिहारमधून मावसभावाच्या सांगण्यावरून स्वतःच रेल्वेत बसून आलेला आणि ठाण्याच्या नाक्यावर उभा राहिलेला कामगार त्यात बसत नव्हता. दुसरी फट आपल्या घरातली आहे, तिच्याकडे जरा थांबून बघू.

बीडचा ऊसतोड कामगार दिवाळीच्या सुमाराला मुकादमाची उचल घेऊन निघतो. नवरा-बायको मिळून 'एक कोयता'. सोबत पोरं, शेळी, भांडीकुंडी, सगळं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत. सांगली-कोल्हापूरकडे फडाजवळच्या मोकळ्या रानात कोपी उभी राहते: बांबू वाकवून त्यावर पाचट नाहीतर ताडपत्री, उंची इतकी की आत वाकूनच शिरायचं. वीज नाही, संडास नाही, पाणी शेतकऱ्याच्या मर्जीवर. मार्च-एप्रिलपर्यंत पाच-सहा महिने हेच घर. बीड ते कोल्हापूर अंतर कितीही असो, वाटेत राज्याची हद्द लागत नाही. त्यामुळे १९७९ चा कायदा त्याला स्थलांतरित मानत नव्हता. तोच कोयता सीमा ओलांडून कर्नाटकातल्या कारखान्याला गेला तर मानायचा. पाच किलोमीटरने माणसाचा हक्क बदलतो. कंत्राटी कामगारांच्या १९७० च्या कायद्यात, मजुरांना कामासाठी रात्रीचा मुक्काम करावा लागत असेल तर विश्रांतीची खोली द्यायला सांगितलं होतं. पण तिथे कारखाना म्हणतो, ही माणसं आमची नाहीत, मुकादमाची. मुकादम म्हणतो, मी कुठला मालक, मीही उचलच घेतो. देणेकरी दोघांच्या मध्ये कुठेतरी हरवतो. पोरांसाठी राज्य सरकारने संत भगवानबाबांच्या नावाने वसतिगृहांची योजना आणली. आई-बापांना मात्र कोपीच.

हे सगळे कायदे आता नव्या कामगार संहितांत विरघळले आहेत. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या लागू झाल्या. व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेत एक गोष्ट सुधारली: स्वतःहून परराज्यातून आलेला कामगारही आता 'आंतरराज्य स्थलांतरित' ठरतो, पगाराची मर्यादा महिना १८,००० रुपये. नाक्यावरच्या त्या बिहारी पोराची फट कागदावर तरी बुजली. पण त्याच झटक्यात स्थलांतरितांच्या राहण्याची सोय ठेकेदाराने करावी ही जुनी स्पष्ट ओळ गेली, आणि पूर्वी पाच कामगारांना लागू होणारी तरतूद आता दहांपासून सुरू होते. बांधकाम कामगारांच्या फुकट निवाऱ्याची तरतूद राहिली आहे, पण 'मालकाने द्यावं' या थेट हुकमाऐवजी 'सरकार तसे नियम करू शकेल' अशा रूपात. कायद्यात 'करील' आणि 'करू शकेल' यांत किती अंतर असतं, हे सरकारी कचेरीत खेटे घातलेल्या कुणालाही कळेल. आणि बीड-कोल्हापूरची फट जशीच्या तशी.

एक जुनी गोष्ट इथे आठवते. गिरणगावात कोकणातून, घाटावरून आलेल्या माणसांची सोय ना पालिकेने केली ना गिरणीमालकांनी पुरेशी केली. ती गावकीने केली. एकाच गावच्या पंधरा-वीस जणांत एक खोली, प्रत्येकाची ट्रंक आणि वळकटी, दिवसपाळीचा उठला की रात्रपाळीचा आडवा. जेवायला खानावळवाल्या बाई. गोव्याहून आलेल्या खलाशांनी धोबी तलावाकडे गावागावांच्या नावाने 'कूड' चालवल्या, त्याही याच कल्पनेच्या. कायदा नव्हता पण देणेकरी ठरलेला होता: आपला गाववाला. आज नाक्यावर उभ्या असलेल्या माणसाला कायदे भरपूर आहेत.

आता हुसकून लावण्याबद्दल. ओल्गा टेलिसपासून मिळालेलं 'आधी सांगा, मग काढा' हे संरक्षण १३ नोव्हेंबर २०२४ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या बुलडोझर निकालाने बळकट झालं असं आपण वाचलं. खरं आहे, बांधकाम पाडण्याआधी १५ दिवसांची नोटीस सक्तीची झाली. पण त्याच निकालात अपवाद आहे: रस्ता, फुटपाथ, रेल्वेलगतची जागा, नदी-तलाव अशा सार्वजनिक जागांवरच्या अनधिकृत बांधकामांना हे निर्देश लागू नाहीत. म्हणजे ज्यांच्यामुळे हा कायदा सुरू झाला, तेच या सावलीबाहेर. त्यांच्यासाठी अजून १९८५ चा आधार, आणि १९९६ च्या अहमदाबाद महापालिका खटल्याचा. त्यात कोर्टाने सांगितलं, की फुटपाथ अडवायचा हक्क नाही, पण फार काळ राहत असलेल्यांना पुरेशी मुदत द्या, आणि गरिबांच्या निवाऱ्याची सोय बघणं हे सरकारचं घटनात्मक काम आहे.

आणि एका बाजूने कोर्ट छप्पर देऊ पाहत असताना दुसऱ्या बाजूने १९५९ चा मुंबई भिक्षा प्रतिबंधक कायदा महाराष्ट्रात उभा आहेच. त्याच्या व्याख्येत हात पसरणाराच नाही, तर उपजीविकेचं साधन दिसत नसताना भटकणारा माणूसही 'भिकारी' ठरू शकतो. वॉरंटशिवाय पकडता येतं आणि पहिल्या वेळीच एक ते तीन वर्षं भिक्षेकरी गृहात ठेवता येतं. दिल्ली उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१८ मध्ये यातली मुख्य कलमं घटनाबाह्य ठरवली, पण ती दिल्लीपुरती. माझ्या मते महाराष्ट्रात बेघरांसाठी काही करायचं असेल तर नवा निवारा बांधायच्या आधी ही व्याख्या काढून टाकली पाहिजे. त्याला निधीही लागत नाही.

तुमच्या ओळखीत कुणी असं उघड्यावर असेल, साईटवर पाणी-संडास नसेल, तर कुणाकडे जायचं? रात्रीचा निवारा हवा असेल तर महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसात किंवा समाजविकास विभागात. तिथेच विचारायचं, की आपल्या भागातलं निवारा केंद्र कुठलं आणि ते बायकांसाठी, पुरुषांसाठी की कुटुंबासाठी. साईटवरची खोली, नळ, संडास यासाठी जिल्ह्याच्या सहायक कामगार आयुक्तांकडे, आणि अर्जात ठेकेदाराबरोबर मूळ मालकाचं, म्हणजे बिल्डरचं नावही घालायचं. नुसतं ठेकेदाराचं नाव घातलं तर पुढच्या महिन्यात ठेकेदार बदललेला असतो. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण. १९८७ च्या कायद्याने बायका, मुलं, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, औद्योगिक कामगार यांना तिथे फुकट वकील मिळतो, फोन १५१००. आणि कुठेही गेलात तरी अर्ज तोंडी ठेवू नका. दोन प्रती न्या, आवक विभागात एक द्या, दुसरीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय खिडकीपासून हलू नका. 'साहेब आले की बघतो' म्हणाले तरी नाही.